मंगल कार्यालयाचं फुल पॅकेज: जेवण चोख, पण ताटं वाढवली कुणी?

गिरगाव, दादर, पार्ले, मुलुंड, बोरिवली, कुठल्याही जुन्या मराठी वस्तीतल्या मंगल कार्यालयात तारीख विचारायला गेलात की मॅनेजर नुसतं हॉलचं भाडं सहसा सांगत नाही. पॅकेजचा छापील कागद पुढे येतो. हॉल, जेवण, सजावट, गुरुजी आणि पूजासाहित्य, सनई, फोटो-व्हिडिओ, फेटे, रुखवताची टेबलं, काही ठिकाणी मेंदी आणि मेकअपसुद्धा. हे परीक्षण त्या पॅकेजचं आहे. एका विशिष्ट कार्यालयाचं नाही, कारण कागदावरच्या अटी आणि त्यातल्या फटी बहुतेक ठिकाणी सारख्याच असतात.

मत आधीच सांगून टाकतो. दीडशे ते साडेतीनशे माणसांचं, एका सत्रातलं लग्न असेल आणि नवरा-नवरी दोघंही नोकरी करणारी असतील, तर पॅकेज घ्यावं. स्वयंपाक, भांडी, वाढपी, सामान वेळेवर पोचणं यात ही मंडळी मुरलेली आहेत. हॉल एकाचा, आचारी दुसऱ्याचा, मंडप तिसऱ्याचा असा संसार मांडून मुंबईत पैसे वाचत नाहीत, आणि सुट्ट्या तर नक्कीच जातात. पॅकेजची कमकुवत बाजू एकच आहे, पण तीच सगळ्यात महाग पडते. एकदा ठरलेल्या पॅकेजमध्ये बदल कुणी करायचा, हे त्या कागदावर कुठेच लिहिलेलं नसतं. आत्या फोन करून दुसरं पक्वान्न सांगतात. काका परस्पर मॅनेजरला गाठून चाळीस ताटं वाढवतात. मॅनेजर ‘घरचंच माणूस आहे’ म्हणून वहीत लिहून घेतो. बिल मात्र लग्नाच्या रात्री, पाठवणी झाल्यावर, मुलीच्या वडिलांसमोर किंवा हल्ली नवरा-नवरीसमोरच येतं. दोन घरांमधला पहिला अबोला बऱ्याचदा या बिलावरून धरला जातो, आणि तो टाळता येतो.

त्यासाठी बुकिंगच्या दिवशी ऑर्डर फॉर्मवर हाताने एक ओळ लिहून घ्या: ‘पॅकेजमधील कोणताही बदल खालील दोन मोबाइल क्रमांकांपैकी एकावरून आलेल्या लेखी संदेशाशिवाय ग्राह्य धरला जाणार नाही व त्याचे पैसे देय राहणार नाहीत.’ खाली वधू आणि वर यांचे नंबर, बाजूला मॅनेजरची सही आणि कार्यालयाचा शिक्का. पैसे आईवडील भरत असतील तर तिसरा नंबर त्यांच्यापैकी एकाचा. त्यापुढे जाऊ नका. पाच जणांच्या संमतीची अट घातली तर निर्णयच होत नाहीत आणि शेवटच्या दिवशी तोंडी कारभार सुरू होतो. चांगले मॅनेजर ही ओळ लगेच मान्य करतात, कारण रात्रीची हुज्जत त्यांनाही नकोच असते. जो टाळाटाळ करतो, त्याचा नफा अशा तोंडी वाढीव ऑर्डरींवर आहे असं समजून पुढचं कार्यालय बघा.

या ओळीचा दुसरा उपयोग जास्त मोलाचा आहे. मोठ्या माणसाला तोंडावर नाही म्हणणं नव्या जोडप्याला जड जातं. ‘काका, कार्यालयवाले लेखी मेसेजशिवाय घेतच नाहीत, आम्ही दोघं बसून ठरवतो आणि कळवतो,’ एवढं म्हणता आलं की मानही राहतो आणि वेळही मिळतो.

ताटांचा हिशोब

सगळं पॅकेज ताटाच्या दरावर उभं असतं, म्हणून इथे सावकाश वाचा.

फॉर्मवर ‘हमी ताटं’ असा आकडा असतो. तेवढी माणसं आली नाहीत तरी तेवढ्यांचे पैसे द्यायचे. वरच्या ताटांचा दर वेगळा असू शकतो, आणि तो बहुधा जास्त असतो. समजा हमी २५० ताटांची, दर ९०० रुपये. म्हणजे २,२५,००० रुपये. नातेवाइकांच्या आग्रहाखातर साठ माणसं वाढली आणि जादा ताटाचा दर १,१०० असेल, तर ६६,००० रुपये वाढले. त्याच साठ माणसांना सुरुवातीपासून हमीत धरलं असतं तर ५४,००० झाले असते. पण हमीत धरून ती आलीच नसती, तर सगळे ५४,००० पाण्यात. म्हणून हमी नेहमी नक्की येणाऱ्यांची ठेवा, आणि जादा ताटांचा दर हमीच्या दराइतकाच ठेवण्यासाठी घासाघीस करा. घासाघीस करायची खरी जागा ही आहे. मूळ दरात पंचवीस-पन्नास रुपये कमी करून मिळवलेलं समाधान जादा ताटांमध्ये निघून जातं.

तीन गोष्टी लेखी हव्यात. आकडा बदलायची शेवटची मुदत काय (अठ्ठेचाळीस तास आधी की बहात्तर), हमीपेक्षा किती टक्के जास्त स्वयंपाक तयार ठेवणार, आणि ताटं मोजणार कशी. फोटोग्राफर, फेटेवाले, सजावटीची मुलं, ड्रायव्हर यांची जेवणं कशात धरली आहेत तेही विचारा. वीस-पंचवीस ताटं इथेच जातात.

बुफेमध्ये मोजणी चुकते ती एका साध्या कारणाने. माणूस ताट कुठेतरी ठेवून गप्पा मारायला जातो आणि परत येऊन नवं ताट उचलतो. मोजणी उचललेल्या ताटांची असल्याने एक माणूस दोनदा लागतो. उपाय असा: सुरुवातीला थप्प्या मोजून दोन्हीकडच्या एकेका माणसाने सही करायची, ताटांच्या टेबलापाशी कार्यालयाचा एकच माणूस, आणि शेवटी उरलेली ताटं पुन्हा मोजायची. गोड आणि चाटसाठी वेगळ्या छोट्या डिश असल्या की मोठी ताटं दुसऱ्यांदा उचलली जात नाहीत. मोजायला उभा राहणारा माणूस मुलीचा मामा किंवा मुलाचा काका नको, त्यांना विधींमध्ये बोलावणं येतं. एखादा मित्र किंवा चुलतभाऊ बरा.

पंगतीत हा घोळ होत नाही. पाटावर जेवढी माणसं बसली तेवढी ताटं, हिशोब संपला. पण पंचाहत्तरची पंगत आटपून पुढची बसेपर्यंत चाळीस-पन्नास मिनिटं जातात, म्हणजे तीनशे माणसांना साधारण तीन तास. जेवणाचा हॉल वेगळ्या मजल्यावर नसेल तर पंगतीच्या भानगडीत पडू नका. मधला मार्ग चांगला चालतो: सगळ्यांना बुफे, आणि शेवटी विहिणींची एक पंगत, रांगोळी, चांदीची ताटं, उखाणे सगळं साग्रसंगीत. वडीलधाऱ्यांची हौस तिथे भागते. त्या पंगतीतली ताटं हमीतच मोजली जातील हे मात्र लिहून घ्या, काही ठिकाणी ती वेगळी लावतात.

आता मूळ प्रश्न, यादीचा. यादी माणसांची करू नका, घरांची करा. एका ओळीत एक घर, पुढे किती जण येणार, कोणाकडून बोलावणं जाणार, आणि शेवटच्या रकान्यात आठवडाभर आधी फोन करून मिळालेलं उत्तर. दोन्ही घरांना आकडा आधी वाटून द्या. हमी २५० असेल तर १०० एका घराला, १०० दुसऱ्या घराला, आणि ५० त्या दोघांच्या मित्रमंडळींना व ऑफिसला. मग वडिलांच्या बँकेतले सहकारी हवे असतील तर त्यांच्याच शंभरातून कुणाला वगळायचं हे वडील ठरवतील. जोडप्याकडे येणारी तक्रार इथेच निम्मी होते. आणि पत्रिका दोन प्रकारच्या छापा, एक लग्न-भोजनाची, एक फक्त संध्याकाळच्या स्वागत समारंभाची. गिरगावात खाडिलकर रोडवर पत्रिकांची दुकानं ओळीने आहेत, एकाच डिझाइनमध्ये मजकूर बदलून दोन्ही मिळतात. गावाहून बस आणायचं घरात ठरत असेल, तर बस ठरवायच्या आधी ती माणसं यादीत यायला हवीत.

स्वयंपाक

इथे कार्यालयांना पूर्ण गुण. मसालेभात, अळूचं फदफदं, बटाट्याची भाजी, कोशिंबीर, पुरी, जिलेबी, मठ्ठा हा ठरलेला बेत ती वर्षानुवर्षं करत आली आहेत, आणि उत्तम करतात. बिघडतं ते बाकीच्या हौशीत. एका बाजूला आजीला मराठी पान हवं, दुसऱ्या बाजूला भावंडांना चायनीज आणि पास्त्याचा काउंटर. दोन्ही घेतलं की आचाऱ्याची माणसं विभागली जातात, पुऱ्या आधी तळून ठेवल्या जातात आणि गार, चिवट होतात. एकच लाइव्ह काउंटर ठेवा आणि तो डोशाचा किंवा चाटचा असू द्या, कारण तिथे रांग पुढे सरकते.

चव बघायला बोलावतात तेव्हा पनीरची भाजी चाखून परत येऊ नका. ती कुणालाही जमते. मसालेभात मागा, आणि तो दोनशे माणसांच्या पातेल्यातला, म्हणजे दुसऱ्या कुणाच्या कार्याच्या दिवशी. मोठ्या पातेल्यात खालचा भात गिचका आणि वरचा टणटणीत राहतो का, ते तेव्हाच कळतं. एप्रिल-मे मध्ये श्रीखंड ठेवत असाल तर ते वाढेपर्यंत फ्रीजमध्ये राहील का, ते विचारा. मठ्ठ्यातला बर्फ कुठल्या पाण्याचा, हेही. आणि तारीख पक्की करताना कॅलेंडरमध्ये चतुर्थी-एकादशी बघा. संकष्टीच्या दिवशी सकाळचं लग्न असेल तर उपवासाची पन्नास-साठ माणसं सहज निघतात आणि त्यांच्यासाठी काहीच नसलं की त्या घरात वर्षभर ते ऐकावं लागतं. साबुदाण्याची खिचडी आणि दाण्याची आमटी एवढं वेगळं सांगून ठेवलं की पुरे.

उरलेलं अन्न कुणाचं, हा वादही होतो. भांड्यात राहिलेलं, न वाढलेलं अन्न ग्राहकाचं, असं लिहून घ्या. माजी पोलीस आयुक्त डी. शिवानंदन यांनी उभी केलेली रोटी बँक असं अन्न गरजूंपर्यंत पोचवण्याचं काम मुंबईत करते. पण आधी बोलून ठेवावं लागतं, रात्री अकराला फोन करून कुणी येईल ही अपेक्षा करू नये.

वेळ, खोल्या आणि होम

सकाळचं सत्र साधारण सातला सुरू होऊन तीन-साडेतीनला संपतं, कारण संध्याकाळच्या पार्टीची फुलं चारला येतात. कागदावरच्या आठ तासांत सजावटीची वेळ आणि आवराआवर दोन्ही धरलेली असतात. म्हणून प्रश्न असा विचारा: स्टेज आमच्या ताब्यात कधी येणार आणि खोल्या कधी सोडायच्या?

खोल्यांबद्दल एक गोष्ट मनापासून खटकते. अजूनही काही ठिकाणी वरपक्षाची खोली मोठी आणि एसीची, वधूपक्षाची लहान आणि पंख्याची असते. नऊवारी, शालू, दागिने, मेकअप, आणि सकाळपासूनचा उपवास हे सगळं ज्या मुलीला पेलायचं आहे, तिलाच उकाड्यात बसवायचं, याला परंपरेचं कारण पुरेसं नाही. दोन्ही खोल्या एसी नसतील तर मोठी खोली वधूकडे मागा. पैसे दोन्ही घरं निम्मे भरत असतील तर हे मागायला संकोच कशाला?

विधींचा हिशोब गुरुजींशी बसून मांडा. पुण्याहवाचन आणि देवकाला दीड तास, मंगलाष्टकांनंतर कन्यादान, विवाहहोम, लाजाहोम, सप्तपदी मिळून आणखी सव्वा ते दीड तास. मुहूर्त साडेबाराचा असेल तर अक्षता पडल्यावर लगेच जेवणं सुरू होतात आणि नातेवाईक फोटोसाठी स्टेजवर चढतात. गुरुजी होमाची तयारी मांडून बसून राहतात. फोटोंची रांग तासभर चालते आणि मग उरलेल्या वेळात होम, सप्तपदी उरकून टाकायची घाई होते, तेवढ्यात मॅनेजर खोल्या रिकाम्या करायला सांगायला येतो. हिंदू विवाह कायदा १९५५ च्या कलम ७ नुसार ज्या विधींमध्ये सप्तपदी आहे तिथे सातवं पाऊल पडल्यावर विवाह पूर्ण आणि बंधनकारक होतो. ज्या विधीवर लग्न उभं आहे तोच फोटोसाठी आखडता घ्यायचा, हे उलटं आहे. माइकवर एका माणसाकडून आधीच सांगून ठेवा: होम झाल्यावरच स्टेजवर भेटी आणि फोटो, तोवर जेवण घ्यावं. शक्य असेल तर अकराच्या आतला मुहूर्त निवडा. बंद एसी हॉलमध्ये होमाचा धूर साचतो आणि वृद्धांना त्रास होतो, त्यामुळे कुंड एक्झॉस्टच्या बाजूला ठेवायला सांगा. लग्नाच्या नोंदणीला लागणाऱ्या तीन साक्षीदारांनी आणि फोटोग्राफरने सप्तपदीला हजर राहायचं, हेही ठरवून ठेवा.

मुंबईत मुहूर्ताइतकाच मेगाब्लॉक पाहावा लागतो. मध्य आणि हार्बर मार्गावर रविवारी दिवसा ब्लॉक असतो आणि नेमका कुठे ते एक-दोन दिवस आधीच जाहीर होतं. डोंबिवली-कल्याण किंवा पनवेलकडची माणसं जास्त असतील आणि हॉल दादरला असेल, तर रविवारी सकाळी अकराच्या मुहूर्ताला निम्मी मंडळी मंगलाष्टकं संपल्यावर पोचतात. शनिवार बरा. चातुर्मासातल्या किंवा आठवड्याच्या मधल्या वारच्या तारखा बऱ्याच स्वस्त मिळतात, आणि पंचांगकर्ते गौण काळातले मुहूर्तही देतात. ‘चातुर्मासात लग्न कसं’ या घरातल्या प्रश्नाला गुरुजींनीच उत्तर दिलं की ते पटकन उतरतं.

मानपान पॅकेजमधून घेऊ नका

‘मानपान किट’ नावाचा प्रकार अलीकडे कागदावर दिसतो: इतक्या साड्या, इतके शर्टपीस, टॉवेल-टोपी, शाल-श्रीफळ. दर्जा सुमार, दर चढा. साड्या हिंदमाताला घाऊक भावात मिळतात, निवडून घ्यायच्या तर दादरला रानडे रोडवर. पण खरा आक्षेप किमतीचा नाही. किट विकत घेतलं की मानपान हा ठरलेला भाग होऊन बसतो, आणि मग ‘त्यांच्याकडे पंधरा साड्या, आमच्याकडे अकराच?’ ही मोजणी सुरू होते. दोन्ही घरांनी एकत्र बसून सारखी आणि छोटी यादी करावी: फक्त आजी-आजोबा, मामा-मामी, सख्ख्या काकू आणि आत्या. किंवा पत्रिकेवर ‘आहेर आणू नये’ असं छापून दोन्हीकडून मानपान बंद ठेवावं. एका बाजूने बंद केलं आणि दुसऱ्या बाजूने साड्यांची अपेक्षा धरली, तर ते मुलीच्या वाट्याला टोमण्यांच्या रूपात येतं.

इथे कायदाही नीट माहीत असायला हवा. हुंडा प्रतिबंधक कायदा १९६१ प्रमाणे मागणी न करता स्वेच्छेने दिलेल्या भेटी चालतात, पण त्यांची यादी ठेवायची असते. १९८५ च्या नियमांत यादीचा तपशील दिला आहे: वधूला मिळालेल्या भेटींची यादी वधूने ठेवायची, वराच्या भेटींची वराने, वस्तूचं थोडक्यात वर्णन, अंदाजे किंमत, देणाऱ्याचं नाव, नातं, आणि खाली दोघांच्याही सह्या. वहीच्या चार पानांत होणारं काम आहे. दागिन्यांची बिलं मुलीच्या नावे घ्या आणि त्या वहीसोबत ठेवा. ‘अमुक द्यावंच लागेल’ अशी मागणी आली, मग ती ‘रीत’ म्हणून असो की ‘हौस’ म्हणून, ती भेट राहत नाही.

फेट्यांचं गणित छोटं आहे पण दर लग्नात चुकतं. एक फेटा बांधायला साधारण चार मिनिटं धरा. पॅकेजमध्ये २५ फेटे आणि एक बांधणारा असतो, म्हणजे शंभर मिनिटं. घरातून यादी साठवर गेली की चार तास लागतील. तेव्हा फेटे वाढवले तर बांधणारेही वाढवा, नाहीतर मुहूर्ताला निम्मे पुरुष खाली रांगेत उभे असतात. फोटोंबद्दल एवढंच: मूळ फाइल्स कधी आणि कशावर मिळणार, अल्बम दोन घरांना दोन की एकच, हे फॉर्मवर हवं.

पैसे कधी, कसे

बुकिंगला पाव, महिनाभर आधी निम्मे, उरलेले कार्यानंतर मोजणी झाल्यावर, ही विभागणी दोन्ही बाजूंना योग्य आहे. कार्याआधीच शंभर टक्के मागणाऱ्या ठिकाणी तक्रारीला जागा उरत नाही. सांगितलेला दर जीएसटी धरून की वेगळा, हे दराच्या शेजारीच लिहून घ्या. पावती जीएसटी क्रमांकासह. खर्च निम्मा-निम्मा असेल तर दोन वेगळ्या नावांनी दोन बिलं मागा. दोघांपैकी कुणाला पुढे कधी ‘आम्हीच सगळं केलं’ हे ऐकावं लागू नये.

तारीख पुढे ढकलायची अट बहुतेक जण वाचतही नाहीत. घरात मृत्यू झाला, सुतक आलं, तर जमा रक्कम पुढच्या तारखेला वळवता येईल का, किती महिन्यांच्या आत, दरवाढ लागू होईल का? रद्द झाल्यास आणि ढकलल्यास किती कापणार, हे दोन वेगळे आकडे हवेत. आजी-आजोबा आजारी असतील तर गुरुजी बऱ्याचदा नांदीश्राद्ध काही दिवस आधी करून ठेवायला सुचवतात, कारण ते झाल्यावर सुतक कार्याला आडवं येत नाही असं शास्त्र ते मानतात. घरच्यांच्या मनावरचा ताण त्याने बराच उतरतो.

‘म्युझिक लायसन्स’ अशी ओळ बिलात दिसली तर आधार लेखी मागा. कॉपीराइट कायदा १९५७ च्या कलम ५२(१)(झेडए) मध्ये धार्मिक समारंभात वाजणाऱ्या संगीताला सूट आहे, आणि त्याच्या स्पष्टीकरणात वरात आणि लग्नाशी निगडित सामाजिक समारंभ धरले आहेत. आवाजाचा नियम मात्र पाळावाच लागतो: ध्वनिप्रदूषण नियम २००० प्रमाणे रात्री दहानंतर गच्ची, लॉन, रस्ता इथे लाउडस्पीकर बंद. बंद हॉलच्या आत आतल्यांपुरता आवाज चालतो. वरात दहाच्या आत संपेल असा कार्यक्रम आखा. मित्रांचा आग्रह कितीही असो, पोलिसांसमोर उत्तर नवरदेवाच्या वडिलांनाच द्यावं लागतं.

ठरलेल्यापेक्षा कमी मिळालं तर ग्राहक संरक्षण कायदा २०१९ खाली जिल्हा आयोगाकडे जाता येतं. तिथे टिकतात ते कागद: सही केलेला फॉर्म, पावत्या, व्हॉट्सअ‍ॅपवरचे बदल, मोजणीचा सही केलेला कागद.

सर्टिफिकेट पॅकेजमध्ये घ्यावं का?

गरज नाही. लग्नाची नोंदणी महाराष्ट्रात १९९८ च्या कायद्याखाली होते आणि मुंबईत ती महापालिकेच्या वॉर्ड ऑफिसमध्ये करायची असते. अर्ज ऑनलाइन भरून नंतर दोघांनी तीन साक्षीदारांसह जायचं. एजंट त्याच अर्जाचे हजारो रुपये घेतो आणि जायला तुम्हालाच लागतं. अडतं ते गुरुजींच्या माहितीवर. त्यांचं नाव, पत्ता, सही अर्जात लागते, आणि गुरुजी गावाला गेले की महिना जातो. लग्नाच्या दिवशीच त्यांची सही आणि ओळखपत्राची प्रत घेऊन ठेवा. आधार, शाळेचा दाखला आणि पत्रिका यांवरची नावं अक्षरशः जुळली पाहिजेत. मुलीने नाव बदलणं कुठल्याही कायद्याने बंधनकारक नाही. तांदळात नाव लिहिण्याची हौस घरच्यांची असली तरी कागदावर काय राहणार हे तिने ठरवायचं, आणि अर्ज भरायच्या आधी.

शेवटी, पॅकेज कुणासाठी नाही तेही सांगायला हवं. घरचे तयार नाहीत, किंवा दोन्ही घरं खर्चावरून आत्ताच भांडायला लागली आहेत, अशा जोडप्याने हॉल बुक करू नये. त्यांच्यासाठी विशेष विवाह कायदा १९५४, म्हणजे आधी नोटीस देऊन विवाह अधिकाऱ्यासमोर लावलेलं लग्न, हा जास्त चांगला रस्ता आहे, आणि त्याचं सरकारी शुल्क इतर खर्चापुढे नगण्य आहे. मुंबई शहर जिल्ह्यासाठी विवाह अधिकाऱ्याचं कार्यालय फोर्टमधल्या जुन्या कस्टम हाउसमध्ये, उपनगरासाठी वांद्र्याला. दोघांपैकी एकाचा त्या जिल्ह्यात किमान तीस दिवस वास्तव्य हवं. नोटीस दिल्यावर ती फलकावर लागते आणि तीस दिवस आक्षेपासाठी असतात. आक्षेप फक्त कायद्यातल्या कारणांवर घेता येतो: आधीचा जोडीदार हयात असणं, वय, संमती देण्याची मानसिक क्षमता, निषिद्ध नातं. आईवडिलांना जात किंवा स्थळ पसंत नाही, हे त्यात बसत नाही. पण ते तीस दिवस फलकावरचा कागद कुणीही वाचू शकतं, त्यामुळे घरी सांगायचं असेल तर नोटिशीच्या आधी आपणहून सांगितलेलं बरं.

घरची मंडळी नंतर निवळतात आणि जेवण द्यायचं म्हणतात, तेव्हा मंगल कार्यालयात मधल्या वारी, एका सत्रात, साठ-सत्तर ताटांचं स्नेहभोजन ठेवा. गुरुजी, फेटे, मानपान काहीच लागत नाही. तारीख धरताना एवढं लक्षात असू द्या: नोटिशीनंतर तीन महिन्यांच्या आत लग्न लागलं नाही तर नोटीस बाद होते आणि पुन्हा पहिल्यापासून द्यावी लागते. म्हणून आधी विवाह अधिकाऱ्याची तारीख, तीन साक्षीदारांची रजा, आणि हॉलची आगाऊ रक्कम त्यानंतर.